एक खडा आणि सगळा समुद्र

नमस्कार श्रोतेहो.

पाणी पटकन गार व्हावं म्हणून फ्रीझरमध्ये बाटली ठेवायची आणि विसरायची, हे उन्हाळ्यात बहुतेक घरांत घडतं. दोन-अडीच तासांनी आठवण होते. दार उघडून बघावं, तर पाणी पाणीच असतं. चला, वाचलो, म्हणून बाटली ओट्यावर जराशी आपटून ठेवली, की आतून एक पांढरी लाट सरसरत वर चढते आणि डोळ्यांदेखत बाटलीभर बर्फाचा रबरबीत गोळा तयार होतो. दर वेळी होत नाही, पण ज्यानं एकदा पाहिलं तो विसरत नाही.

ते पाणी शून्य अंशाच्या खाली जाऊनही पाणीच राहिलेलं असतं. गोठायची तयारी झालेली, फक्त सुरुवात कुणी करायची एवढंच अडलेलं. पंगतीत पानं वाढून झाली आहेत, पण पहिला घास कुणी घ्यायचा म्हणून सगळे एकमेकांकडे बघत बसले आहेत, तसं. कुठंतरी बर्फाचा पहिला कण जमतो आणि मग बाकीच्यांना थांबायचं कारण उरत नाही. खडीसाखर करताना घट्ट पाकात दोरा सोडतात, तो याचसाठी. तुम्हाला विरजण आठवेल, पण विरजणात जिवाणू असतात, ते वाढतात. इथं जिवंत काहीच नाही. पहिला खडा फक्त रांगेत कसं बसायचं ते दाखवतो.

एवढ्याशा गोष्टीतून विज्ञानकथेतलं एक भीषण साधन जन्माला आलं. त्याला बटण नाही, तार नाही, किरण सोडणारी नळीही नाही. आहे तो नुसता एक खडा. कर्ट व्हॉनेगट या अमेरिकी लेखकाच्या ‘कॅट्स क्रेडल’ या १९६३ च्या कादंबरीत त्याचं नाव आहे ‘आइस-नाइन’. सैन्यातला एक जनरल चिखलाला वैतागलेला असतो. आपल्या सैनिकांना चिखल तुडवावा लागू नये, असं काहीतरी शोधून द्या, म्हणून तो एका शास्त्रज्ञाच्या मागे लागतो. शास्त्रज्ञाला सुचतो एक नवा बर्फ, नेहमीच्या उन्हाताणातही घट्ट राहणारा. त्याचा कण चिखलात टाकला की चिखलातलं पाणी त्याच वळणानं गोठणार. पण चिखलातलं पाणी ओढ्याला मिळतं, ओढा नदीला आणि नदी समुद्राला. जिभेला खडा लागला तर माणसाच्या अंगातलं पाणीही त्यातून सुटत नाही.

ही कल्पना आभाळातून पडली नव्हती. उलट, आभाळावर प्रयोग करणाऱ्यांकडूनच ती आली. न्यूयॉर्क राज्यातल्या स्केनेक्टडी इथं जनरल इलेक्ट्रिकची प्रयोगशाळा होती. तिथं १९४६ च्या जुलैत व्हिन्सेंट शेफर यांनी एका थंडगार पेटीत श्वास सोडून छोटासा ढग केला. मग पेटीत कोरड्या बर्फाचा, म्हणजे गोठवलेल्या कार्बन डायऑक्साइडचा, तुकडा टाकला आणि त्या ढगात हिमकण चमकू लागले. नोव्हेंबरात त्यांनी विमानातून खऱ्या ढगावर तोच प्रयोग केला. त्याच महिन्यात त्यांच्या सहकाऱ्याला आढळलं, की सिल्व्हर आयोडाइडच्या कणांची घडण बर्फाशी इतकी जुळते, की ढगातलं पाणी फसतं आणि त्यावर गोठू लागतं. २०१५ साली दुष्काळात मराठवाड्याच्या आभाळात विमानं फिरली, त्या कृत्रिम पावसाची मुळं इथं आहेत. आता गंमत ऐका. त्या सहकाऱ्याचं नाव बर्नार्ड व्हॉनेगट, म्हणजे लेखकाचे थोरले बंधू. पुढं धाकटे कर्टही काही वर्षं त्याच कंपनीत प्रसिद्धी खात्यात नोकरीला होते. प्रयोगशाळेचे ज्येष्ठ शास्त्रज्ञ होते अर्व्हिंग लँगम्युर, १९३२ चे नोबेल मानकरी. असल्या बर्फाची कल्पना त्यांनी पूर्वी एच. जी. वेल्स यांना कथेसाठी सुचवली होती. वेल्स यांनी ती वापरली नाही. दोघंही गेल्यावर कर्ट यांनी ती उचलली.

कादंबरीतला बर्फ वितळतो ११४.४ अंश फॅरनहाइटला, म्हणजे आपल्या ४५.८ सेल्सिअसला. हा आकडा वाचला आणि मला आधी चंद्रपूर आठवलं. तिथं मे महिन्यात पारा याच्यावरही जातो! सगळं जग गोठलेलं असताना भर दुपारी दोन तास विदर्भात पाणी वाहतंय, असं चित्र डोळ्यांपुढं आलं.

पण हिशेब तिथं थांबत नाही. पाणी गोठताना उष्णता बाहेर टाकतं, साध्या बर्फाच्या बाबतीत ग्रॅममागे सुमारे ८० कॅलरी. एक कॅलरी म्हणजे एक ग्रॅम पाणी एका अंशानं तापवायला लागणारी उष्णता. फ्रीझरमधली बाटली दगडासारखी न होता रबरबीत होते, ती म्हणूनच: थोडं गोठलं की त्याच उष्णतेनं उरलेलं पाणी शून्यावर येऊन थांबतं. आइस-नाइनला हाच आकडा लावू. समुद्र १५ अंशांवर असेल, तर निम्माही गोठायच्या आत तो ४५.८ ला पोचेल आणि गाडी अडेल. पुढं गोठायचं, तर ही उष्णता आधी कुठंतरी जायला हवी. कादंबरीतला प्रलय क्षणात येतो. हिशेबातला प्रलय वाफाळत, रखडत येईल. मला दुसरा जास्त भयाण वाटतो.

‘आइस-नाइन’ नावाचा बर्फ खरोखरही आहे बरं का. बर्फाचे वीसच्या आसपास स्फटिकप्रकार माहीत आहेत, त्यांतला हा नववा. तो लागतो प्रचंड दाबाखाली आणि उणे १३० अंशांच्याही खाली. तुमच्या माठाला त्याच्यापासून धोका नाही.

खडा बदलला की सगळं बदलतं, हे मात्र घडलेलं आहे, पाण्याच्या नव्हे तर औषधाच्या बाबतीत. रिटोनाव्हिर हे एचआयव्हीवरचं औषध १९९६ मध्ये बाजारात आलं. १९९८ मध्ये त्याच्या कॅप्सूल चाचणीत नीट विरघळेनात. तेच रसायन, तेच रेणू, पण ते रचले जात होते वेगळ्या, जास्त पक्क्या स्फटिकात. त्या स्फटिकाचा सूक्ष्म कण जिथं पोचला, तिथं जुना प्रकार बनेनासा झाला. कॅप्सूल मागे घ्याव्या लागल्या. रुग्णांच्या वाट्याला तेच औषध पातळ स्वरूपात आलं, आणि त्याची चव इतकी वाईट, की ते घशाखाली उतरवायला चॉकलेट घातलेलं दूध सोबत लागे.