वाळूचा डंपर राज्याच्या सीमेवर अडवता येतो का?

नमस्कार श्रोतेहो. रॉयल्टी, म्हणजे खनिजासाठी सरकारला द्यायची रक्कम, भरलेली आहे, वाहतुकीचा पास खरा आहे, तरीही वाळू राज्याबाहेर न्यायची नाही असं सरकारला म्हणता येतं का? गुजरात सरकारनं 2010 मध्ये नेमकं तसं म्हटलं. गौण खनिज, म्हणजे वाळूसारख्या खनिजांच्या, नियमांत 44-बीबी हा नियम घातला आणि राज्याबाहेर वाळू नेण्यावर बंदी आली. गुजरात उच्च न्यायालयानं ही बंदी रद्द केली, आणि 2019 च्या फेब्रुवारीत सर्वोच्च न्यायालयानं तो निकाल कायम ठेवला.

सरकारचं म्हणणं होतं की वाळू बाहेर जाते म्हणून बेकायदा उपसा वाढतो. पण हा खटला ठरला तो अधिकाराच्या प्रश्नावर. राज्याला नियम करण्याची ताकद केंद्राच्या 1957 च्या खाण व खनिज कायद्यातून मिळते. त्याचं कलम 15 खाणपट्टे, म्हणजे खनिज काढण्यासाठी दिलेले भाडेपट्टे, आणि त्याच्याशी जोडलेल्या बाबींपुरतं आहे. कलम 23-सी बेकायदा उत्खनन, वाहतूक आणि साठा रोखण्यासाठी आहे. रीतसर काढलेली वाळू सीमा ओलांडली म्हणून बेकायदा होत नाही, मग या दोन कलमांतून बंदी निघणार कशी? शिवाय संविधानाचं कलम 301 देशभर व्यापार मोकळा ठेवतं. राज्याला त्यावर वाजवी निर्बंध घालायचे तर 304 (ख) प्रमाणे विधिमंडळाचा कायदा लागतो, आणि त्याच्या विधेयकाला राष्ट्रपतींची पूर्वमंजुरी. नुसती अधिसूचना पुरत नाही. नदीचा विचार केला तरी, वाळू सुरतेत वापरली काय किंवा पालघरला, पात्राचं नुकसान तेवढंच. नदी वाचवायची तर उपशावर मर्यादा घालायला हवी.

याचा अर्थ तपासणी बेकायदा आहे, असा मात्र मुळीच नाही. पास मागणं, ब्रास मोजणं हा सरकारचा अधिकारच आहे. गाड्या अडकतात त्या बहुतेक साध्या चुकांमुळे: पासची वेळ संपलेली, गाडीचा नंबर वेगळा, तीन ब्रासच्या पासवर चार ब्रास माल. एक ब्रास म्हणजे शंभर घनफूट, हे लक्षात ठेवा. वाटेत गाडी बिघडली तर दुरुस्तीची पावती आणि जीपीएसची नोंद जपा, आणि बिघाडाची वेळ पंचनाम्यात लिहून घ्या.

महाराष्ट्रात जप्ती होते ती जमीन महसूल संहितेच्या कलम 48(8) खाली. जप्त गाडी 48 तासांच्या आत जिल्हाधिकाऱ्यांसमोर किंवा त्यांनी अधिकार दिलेल्या, उपजिल्हाधिकाऱ्याहून खालच्या दर्जाचा नसलेल्या अधिकाऱ्यासमोर न्यावी लागते. तिथं दंड भरून आणि वैयक्तिक बंधपत्र देऊन ती सुटू शकते. म्हणून जप्तीची तारीखच नव्हे, तासही लिहून ठेवा.

दाद मागताना अनेकांचा रस्ता चुकतो. नियमच अधिकाराबाहेरचा असेल तर थेट उच्च न्यायालयात रिट याचिका, म्हणजे सरकारी कृतीला आव्हान देणारा अर्ज, करता येते. तक्रार तहसीलदारांच्या दंडाच्या आदेशाविरुद्ध असेल तर आधी जमीन महसूल संहितेच्या कलम 247 खालचं अपील प्रांताधिकाऱ्यांकडे, आदेश मिळाल्यापासून 60 दिवसांत. ते सोडून रिट केली तर न्यायालय सहसा अपिलाकडेच परत पाठवतं आणि तोवर मुदत निघून जाते. सुनावणीच दिली नसेल किंवा अधिकार नसलेल्यानं आदेश काढला असेल, तर मात्र न्यायालय रिट ऐकू शकतं. म्हणून आदेश हातात पडताच आधी पाहा, सही कोणाची आहे आणि कोणतं कलम लिहिलं आहे.