हरवलेलं कार्ड आणि मागे राहिलेल्या झेरॉक्स

नमस्कार मंडळी. एवढ्या पावसात तुम्ही आलात, बायका तर रात्रीचं जेवण आटपून आल्यात, त्याबद्दल आधी आभार. वाचनालयाने मला विषय दिला तो हरवलेलं सरकारी ओळखपत्र परत कसं मिळवायचं हा. ते सांगतेच. पण बँकेच्या काउंटरवर एकतीस वर्षं काढल्यावर माझं मत असं झालंय, की कार्ड हरवलेल्या माणसापेक्षा कार्ड कधीच न हरवलेल्या माणसाची मला जास्त काळजी वाटते. असं का, ते बोलता बोलता येईल.

तीन वर्षांपूर्वी जून महिन्यात म्हापशाहून डिचोलीला येताना खासगी बसमध्ये माझी पर्स गेली. एका प्लास्टिकच्या पाकिटात आधार, पॅन, लायसन्स आणि मतदान कार्ड अशी चारही एकत्र ठेवलेली होती. घरी पोचले, छत्री टेकवली आणि खांदा हलका लागला. तेव्हा पोटात जो गोळा आला, तो ज्याचं हरवलंय त्यालाच कळेल.

पण बघा, दुसऱ्या दिवशी दुपारपर्यंत माझं आधार माझ्या हातात होतं. कारण आधारचा बारा आकडी नंबर काही बसमध्ये पडत नाही. हरवतो तो कागद. मायआधार संकेतस्थळावर गेलं, नंबर टाकला, मोबाईलवर ओटीपी आला की ई-आधार उतरवून घेता येतं, आणि ते मूळ कार्डाइतकंच चालतं. त्या फाईलचा पासवर्ड म्हणजे आपल्या नावाची पहिली चार इंग्रजी अक्षरं, कॅपिटलमध्ये, आणि पुढे जन्मसाल. पाकिटात ठेवण्यासारखं टिकाऊ कार्ड हवं तर तिथेच पैसे भरून मागवता येतं, पोस्टाने घरी येतं. नंबरच आठवत नसेल तर नाव आणि मोबाईल देऊन तोही त्याच संकेतस्थळावर शोधता येतो. १९४७ वर फोन करूनही मदत मिळते. हा आकडा स्वातंत्र्याच्या सालाचा, म्हणून विसरायला होत नाही.

या सगळ्याला एकच अट आहे, आधारला जोडलेला मोबाईल आपल्याजवळ चालू असला पाहिजे. आणि इथेच आपल्याकडची निम्मी माणसं अडकतात. मुलगा कुवेतला, सिम त्याच्या नावावर, आधारला नंबर दहा वर्षांपूर्वीचा आणि तो कधीच बंद झालेला. मग आधार केंद्रात जायचं, अंगठा किंवा डोळा दाखवायचा, आणि नवा मोबाईल जोडून घ्यायचा. मोबाईल बदलायला कुठलाही कागद लागत नाही. हे काम कार्ड हरवायच्या आधीच करून ठेवा. आज घरी गेल्यावर आई-वडिलांना एवढं एकच विचारा, आधारला कुठला नंबर आहे, आणि तो फोन वाजतो का.

बाकीची कार्डं भराभर सांगते. पॅनचं पुनर्मुद्रण ऑनलाइन होतं, नंबर तोच राहतो. दुसरा पॅन काढायला मात्र जाऊ नका. एका माणसाला दोन पॅन ठेवता येत नाहीत, त्याला दंड आहे. मतदान कार्डासाठी नमुना ८ भरायचा, चौकशीचा फोन १९५०. लायसन्सची दुय्यम प्रत वाहतूक मंत्रालयाच्या सारथी पोर्टलवरून मागता येते, पोलिसात हरवल्याची नोंद केलेली असली की काम सोपं जातं. तोवर डिजिलॉकर या सरकारी अॅपमधलं लायसन्स दाखवा. वाहतूक पोलिसांनी ते मूळ कागदासारखंच मानावं, असं केंद्राच्या वाहतूक मंत्रालयाने २०१८ मध्येच कळवलेलं आहे.

पासपोर्टचं मात्र वेगळं आहे. आपल्या घराघरांत तारवटी, म्हणजे बोटीवर नोकरी करणारे, आहेत, म्हणून दोन मिनिटं जास्त घेते. पासपोर्ट हरवला तर आधी पोलिसात नोंद, मग नवा मागायचा. परदेशात हरवला तर तिथल्या आपल्या दूतावासात. तिथे घरी परतण्यापुरतं तातडीचं प्रमाणपत्र मिळतं. आणि एकदा हरवला म्हणून कळवलात की तो पासपोर्ट रद्द झाला. महिन्याने कपाटाच्या फळीमागे सापडला, तरी तो घेऊन विमानतळावर जायचं नाही. बोटीवर जाणाऱ्या मुलाच्या पासपोर्टचा नंबर आणि तारखा एका वहीत लिहून आईजवळ ठेवा.

एक अडचण खास आपली, गोव्याची. जन्माची नोंद पोर्तुगीज काळातली असेल तर आडनावाचं स्पेलिंग त्या भाषेच्या वळणाचं. नाईक हे आडनाव शेवटी क्यू-यू-ई लावून लिहिलेलं. कामताचं कामोतीं, परबाचं पोरोब. मग शाळेच्या दाखल्यावर एक नाव, आधारवर दुसरं, पॅनवर तिसरं. एरवी कोणी बघत नाही. पण एक कार्ड गेलं आणि ते परत मिळवायला दुसरं पुढे केलं, की पलीकडचा माणूस म्हणतो, ही व्यक्ती वेगळी दिसते. माझ्या आईच्या बाबतीत हे झालं, तेव्हा ती सत्त्याहत्तर वर्षांची होती. ऐंशीच्या घरात आलेल्या बाईला 'मी तीच आहे' असं प्रतिज्ञापत्रावर लिहून द्यायला लागलं, त्याचं मला आजही वाईट वाटतं. म्हणून अंगात ताकद आहे, हातात वेळ आहे, तेव्हाच सगळ्या कागदांवरचं नाव एका स्पेलिंगला आणून ठेवा.

आता ज्यासाठी मी मघापासून थांबलेय ते.

माझी पर्स हरवली त्याचं पुढे काहीच वाईट झालं नाही. वाईट झालं ते माझ्या भाच्याचं, आणि त्याचं एकही कार्ड कधी हरवलेलं नव्हतं. पर्वरीला नोकरी लागली म्हणून तो भाड्याच्या खोलीत राहत होता. स्कूटरसाठी कर्ज काढायला गेला तर उत्तर आलं, तुमचं बारा हजारांचं जुनं कर्ज थकलंय. त्याने आयुष्यात कर्ज घेतलेलं नव्हतं. आम्ही दोघं माझ्या जेवणाच्या टेबलावर वही घेऊन बसलो आणि त्याने दोन वर्षांत कार्डांच्या झेरॉक्स कुठे कुठे दिल्या, त्याची यादी केली. खोलीचा एजंट, खोलीचा मालक, सिमचं दुकान दोनदा, जिम, भाड्याची बाईक, कुरिअरवाला, एक नोकरीची मुलाखत, असं करत करत. त्यातल्या निम्म्या तर त्याने व्हॉट्सअॅपवर फोटो काढून पाठवल्या होत्या. यादी अकरावर गेल्यावर तो गप्प झाला. मलाही काही बोलवेना. त्या अकरांपैकी कुठून गेलं ते आम्हाला शेवटपर्यंत कळलं नाही.

हरवलेल्या कार्डाचं निदान आपल्याला कळतं तरी. आपण धावपळ करतो, नोंद करतो, सावध होतो. पण झेरॉक्सच्या दुकानात मशीनच्या बाजूला पडलेली बिघडलेली प्रत, एजंटच्या खणातली प्रत, कोणाच्या तरी फोनमधला फोटो, यांची आपण कुठे चौकशी करतो?

हे पुढे निस्तरलं कसं, तेही सांगते. देशात कर्जांची नोंद ठेवणाऱ्या चार संस्था आहेत, आणि प्रत्येकीकडून वर्षातून एकदा आपला पूर्ण अहवाल फुकट मिळतो. त्यातली चुकीची नोंद दाखवून तक्रार करायची. तीस दिवसांत तक्रार निकालात निघाली नाही, तर पुढच्या प्रत्येक दिवसाला शंभर रुपये भरपाई द्यावी, असा रिझर्व्ह बँकेचा २०२३ चा आदेश आहे. लेखी तक्रारीत या आदेशाचा उल्लेख करा, फरक पडतो. दुसरं, दूरसंचार खात्याच्या संचार साथी पोर्टलवर आपला मोबाईल नंबर टाकला की आपल्या नावावर किती सिम चालू आहेत ते दिसतं. भाच्याच्या नावावर दोन नंबर असे होते जे त्याने कधी घेतलेच नव्हते. 'हा माझा नंबर नाही' असं तिथेच कळवता येतं. तिसरं म्हणजे पोलीस. दुसऱ्याची ओळख वापरून केलेल्या अशा गुन्ह्याला माहिती तंत्रज्ञान कायद्याच्या ६६ क कलमाखाली तीन वर्षांपर्यंत कैद आणि एक लाखापर्यंत दंड आहे. आपला सायबर गुन्हे विभाग रायबंदरला आहे. आणि पैसे गेले असतील तर आधी सायबर फसवणुकीच्या तक्रारीचा १९३० हा फोन, शेजाऱ्याशी बोलण्याच्याही आधी. पैसा एका खात्यातून दुसऱ्यात सरकत असतो, तो अडवायला सुरुवातीचे काही तास हातात असतात. बँकेलाही लगेच लेखी कळवा. चूक तुमची नसेल आणि तीन कामकाजाच्या दिवसांत कळवलंत, तर नुकसान तुमच्यावर येत नाही, हा रिझर्व्ह बँकेचा २०१७ पासूनचा नियम आहे.

आता झेरॉक्स द्यायची तर कशी. ही माझी, बघा, हातात धरते. आधारची ही प्रत 'मास्क्ड' आहे, म्हणजे पहिले आठ आकडे झाकलेले आणि शेवटचे चार फक्त दिसतात. त्याच संकेतस्थळावर ई-आधार उतरवताना तशी खूण करायची. आणि हे आडवं लिहिलंय ते निळ्या पेनाने, फोटोच्या कडेवरून सुरू होऊन पत्त्याच्या ओळींवरून गेलंय: 'फक्त गॅस जोडणीसाठी', खाली तारीख आणि सही. अक्षरं छापलेल्या मजकुरावरून गेली पाहिजेत. कोपऱ्यातल्या पांढऱ्या जागेत लिहिलंत तर तेवढा भाग झाकून परत झेरॉक्स काढता येते. समोरच्याला राग येईल असं वाटतं, पण मला आजवर एकानेही नकार दिलेला नाही.

मे २०२२ मध्ये आधारच्या बेंगळुरू कार्यालयाने लोकांना कळवलं होतं की आधारची प्रत कोणालाही देऊ नका, हॉटेलं आणि सिनेमागृहांना ती ठेवून घ्यायचा अधिकार नाही, मास्क्ड प्रत वापरा. दोनच दिवसांत ती सूचना मागे घेतली गेली, गैरसमज होईल म्हणून. मला मनापासून वाटतं की सल्ला योग्य होता. निदान आपल्या गोव्याला तरी फार लागू होता.

कारण आपण फक्त झेरॉक्स देणारे नाही, घेणारेही आहोत. या सभागृहातच किती जणांच्या खोल्या पर्यटकांना भाड्याने आहेत, किती जणांच्या बाईक जातात! पाहुण्याची ओळख बघणं, नोंद ठेवणं, भाडेकरूची माहिती पोलीस ठाण्यात देणं, हे करायलाच हवं. पण त्या प्रती मग फ्रीजवर, वहीत, पोराच्या मोबाईलमध्ये तशाच राहतात. कोणीतरी विश्वासाने आपल्या हातात दिलेली ती वस्तू आहे. २०२३ मध्ये संसदेने व्यक्तिगत माहितीच्या रक्षणाचा जो कायदा केला, त्याचं सूत्र हेच आहे की ज्या कामासाठी माहिती घेतली ते काम संपलं की ती पुसून टाकायची. खणाला कुलूप लावा आणि ठेवायची मुदत संपलेल्या प्रती वर्षातून एकदा बंबात जाळा. रद्दीवाल्याला देऊ नका. चण्याच्या पुडीला आलेलं पॅन कार्ड मी स्वतः बघितलंय.

शेवटचा मुद्दा अंगठ्याचा. आधार क्रमांक, बँकेचं नाव आणि अंगठा एवढ्यावर गावातल्या छोट्या मशीनमधून खात्यातले पैसे काढता येतात. ओटीपी लागत नाही. म्हाताऱ्या माणसांसाठी ती सोय चांगलीच आहे. पण काही राज्यांत चोरांनी जमिनीच्या खरेदीखतांवरून आधार क्रमांक आणि बोटांचे ठसे दोन्ही उचलले, रबराचे नकली अंगठे केले आणि खाती रिकामी केली. आपल्याकडेही खरेदीखत म्हटलं की सब-रजिस्ट्रारसमोर अंगठा आलाच. म्हणून वकिलाला सांगा, खतात आधारचे शेवटचे चारच आकडे लिहा. आणि बायोमेट्रिक, म्हणजे अंगठ्या-डोळ्याची ओळख, लॉक करून ठेवा, मायआधारवर ती सोय फुकट आहे. लॉक केल्यावर रेशनच्या सोसायटीत अंगठा चालणार नाही, तेव्हा जायच्या आधी थोड्या वेळापुरतं उघडायचं, परत आपोआप बंद होतं. माझ्या आईचं मी लावून दिलंय. रेशनच्या दिवशी सकाळी ती मला हाक मारते, 'बाय, अंगठो उगड गो', मग मी फोन घेते.

हॉलच्या मागच्या टेबलावर कॉलेजच्या दोन मुली बसल्यात, आणि मीही साडेआठपर्यंत आहे. ज्यांच्याजवळ आधारला जोडलेला फोन आहे, त्यांनी तो घेऊन यावं. लॉक लावायला पाच मिनिटं लागतात. ओटीपी आला की तो स्वतः वाचून स्वतःच टाकायचा, त्या मुलींना सांगायचा नाही आणि मलाही नाही.