विज्ञानकथेत लहरी काळाचा पट्टा कसा रचायचा?

नमस्कार मंडळी! यान अवकाशातल्या एका पट्ट्यात शिरतं, आत एक दिवस जातो आणि बाहेर वर्ष उलटतं. थोडं पुढे गेलं की नेमकं उलटं. विज्ञानकथा लिहिणाऱ्यांचा हा लाडका प्रसंग. पट्टा काल्पनिक आहे, त्यामुळे काळ किती लहरी ठेवायचा हे तुमच्या हातात. पण घड्याळाला हात लावला की उष्णता, वजन आणि रेडिओ या तिघांचाही हिशेब बदलतो. आज तो मांडू.

[स्क्रीनवर: गुणोत्तर = बाहेरचा वेळ ÷ आतला वेळ]

एका दिवसाला एक वर्ष, म्हणजे गुणोत्तर 365. बाहेरून वर्षभरात निघालेल्या प्रकाशलहरी आतल्यांना एका दिवसात झेलायच्या आहेत, म्हणजे वारंवारता 365 पट. विश्वात सगळीकडे 2.725 केल्विनचं सूक्ष्मलहरी प्रारण भरलेलं आहे, एरवी कुणाच्या खिजगणतीतही नसलेलं. वारंवारतेच्या पटीतच प्रारणाचं तापमानही वाढतं, म्हणून त्याला 365 नं गुणा: 995 केल्विन, म्हणजे साधारण 720 अंश सेल्सिअस. ॲल्युमिनियम 660 अंशांना वितळतं. नायकाची मुलगी बाहेर म्हातारी होण्याची वाट कशाला बघायची, यान त्याआधीच पातळ झालेलं असेल!

मग मर्यादा किती? गुणोत्तर 110 ला आख्खं आकाश 27 अंशांवर येतं. ऐकायला छान, पण यान आपली उष्णता रेडिएटरमधून थंड आकाशातच फेकत असतं. आकाशच खोलीइतकं गरम झालं तर उष्णता टाकायची कुठे? आतली माणसं आपल्याच यंत्रांच्या उष्णतेत शिजतील. म्हणून 50 च्या वर जाऊ नका. 50 ला आकाश उणे 137 अंशांवर राहतं, रेडिएटर चालतात. खिडक्या मात्र बंदच ठेवा, कारण ताऱ्यांचा साधा प्रकाश तिथे थेट क्ष-किरणांच्या उंबरठ्यावर पोचतो.

आता पट्ट्याची कड. सगळ्यात जास्त गफलत इथे होते. 'पुढच्या केबिनमध्ये घड्याळ एक टक्का मागे पडलं' हे वाक्य निरुपद्रवी वाटतं ना? घड्याळांचा वेग जागेनुसार बदलतो, तिथे गुरुत्व असतंच, आणि वस्तू मंद घड्याळाच्या बाजूला पडतात. पृथ्वीवर एक मीटर वर गेलं की घड्याळ 1 भागिले 10 चा 16 वा घात, एवढंच जलद चालतं, आणि तेवढ्या फरकामागे आपलं सगळं वजन आहे. 50 मीटरच्या यानात एक टक्का फरक म्हणजे पृथ्वीच्या जवळजवळ 1.8 लाख कोटीपट ओढ. केबिन सोडा, अणूसुद्धा जागेवर राहणार नाहीत.

ओढ पृथ्वीइतकीच ठेवायची असेल तर एक टक्क्याच्या फरकासाठी कड किमान 9,200 कोटी किलोमीटर रुंद हवी. प्रकाशालाही ती ओलांडायला साडेतीन दिवस लागतात. घड्याळ निम्म्यावर आणायचं तर आठ प्रकाशमहिने. 'क्षणात आत' विसरा.

'आमच्या पट्ट्यात गुरुत्वच नाही' ही पळवाट काही जण काढतात. काढा, पण मग आत आलेल्या प्रकाशाची वाढलेली ऊर्जा साठवून बॅटरी फुकट बाहेर नेता येते. फुकट विजेचा कारखाना हाताशी असताना तुमची पात्रं इंधन संपलं म्हणून रडतात का, याचं उत्तर तयार ठेवा.

आतल्यांना गुणोत्तर कळतं कसं? पल्सारवरून, म्हणजे ठरावीक लयीत स्पंद पाठवणाऱ्या फिरत्या ताऱ्यावरून. वृषभेतला क्रॅब पल्सार सेकंदाला साधारण 30 स्पंद देतो. यानावर 300 मोजले तर गुणोत्तर 10. पण एकाच पल्सारवर विसंबू नका: यान वेगानं त्याच्याकडे जात असलं तरी आकडा वाढतो. वेगवेगळ्या दिशांचे निदान चार घ्या. समोरचे जलद आणि मागचे मंद असतील तर तो वेगाचा परिणाम, सगळेच सारखे वाढले तर काळाचा. नारायणगावजवळच्या खोडदला 45 मीटरच्या 30 ॲन्टेनांची महाकाय मीटरतरंग दुर्बीण अशाच स्पंदांच्या वेळा टिपत असते. तपशिलासाठी तिची माहिती जरूर वाचा.

गुणोत्तर 10 असताना यानानं 8,400 मेगाहर्ट्झवर पाठवलेला संदेश बाहेर 840 वर पोचतो. बाहेरचे 8,400 वरच कान लावून बसले तर यान गप्प झालं असंच त्यांना वाटणार. कथेसाठी हा फुकटचा ताण आहे, वापरा.

उरला लहरीपणा. मनानं आकडे टाकू नका, माणसाचं मन फार समतोल आकडे टाकतं. दोन फासे घ्या. बेरीज 7 आली तर गुणोत्तर तेच. 8 किंवा जास्त आली तर आधीच्या गुणोत्तराला 1.1 नं गुणा, 6 किंवा कमी आली तर 1.1 नं भागा. दर वेळी नवा आकडा काढू नका, नाहीतर उड्या पडतात आणि कडेचा नियम मोडतो. पृथ्वीइतक्या ओढीत 10 टक्के बदलाला किमान 34 दिवस लागतात, म्हणून एक फेक म्हणजे 34 दिवस. कथा रेंगाळते? तिप्पट ओढ चालवून घ्या, मग एक फेक 11 दिवसांची. त्या 11 दिवसांत यान इंजिनानं ओढीला थोपवत असेल, तर मात्र सगळी पात्रं आडवी, गादीला खिळलेली. संवाद तसेच लिहा.