आधी ऊन बघा, मग पाणी लावा
(नेरूळमधल्या एका सोसायटीच्या सभागृहात झालेल्या व्याख्यानाचं संपादित शब्दांकन)

आत येताना जिन्यापाशीच एका ताईंनी मला गाठलं. म्हणाल्या, "दुलई मशीनला लावली तर चालते का हो?" म्हटलं, "लावा की. वाळवणार कुठे ते सांगा." त्या हसल्या आणि पुढे जाऊन बसल्या. त्या हसल्या तिथेच आपलं घोडं अडतं. मी २८ वर्षं एका रुग्णालयाच्या लाँड्रीत काढली. चादरी, ब्लँकेटं, पडदे, जे म्हणाल ते धुतलं. धुण्याला अक्कल कमी लागते, वाळवण्याला जास्त, आणि आपल्या खाडीकाठच्या हवेत तर फारच.

आमची आजी घट बसायच्या आधी घरातल्या सगळ्या गोधड्या ओढ्यावर न्यायची. दगडावर आपटायची, खडकावर पसरायची आणि ऊन कलायच्या आत घडी घालून घरी. सगळे म्हणायचे, देवीसाठी स्वच्छता. असेलही. पण पाऊस ओसरलेला, ऊन तापलेलं आणि थंडी अजून लांब, असा तो नेमका मोका असतो. एखाद्या वर्षी घट सप्टेंबरातच बसतात आणि पाऊस हटत नाही, तेव्हा खुशाल दसऱ्यानंतर धुवा. देवी समजून घेईल.

गोधडीचं एक बरं होतं. जुन्या लुगड्यांचे थर आणि वर बोटाबोटावर धावदोरा. आत सुटं काहीच नाही, त्यामुळे कितीही आपटा, हलणार काय? आता आपल्या घरात दुकानातून आलेली दुलई असते, जिला कुणी कम्फर्टर म्हणतं, कुणी ड्युवे. हा 'ड्युवे' शब्द फ्रेंच, अर्थ बदकाची मऊ लव. तिकडे आत खरंच पिसं भरतात. आपल्याकडच्या बहुतेकींत पॉलिएस्टरचा फायबर असतो, आणि तो जागेवर राहावा म्हणून वर चौकडे शिवलेले असतात. धावदोऱ्याचंच काम ते. म्हणून धुण्याआधी दुलई उजेडात धरा आणि एकेक चौकडा बघा. कुठे टाका उसवला असेल तर आधी सुईदोरा घ्या. उसवलेला चौकडा पाण्यात गेला की आतला फायबर शेजारच्या घरात राहायला जातो आणि मग पोटावर गोळा, पायावर नुसतं कापड.

आता वजनाचं सांगतो, कारण इथे सगळे फसतात. पाकिटावर २०० जीएसएम असं लिहिलेलं असतं. म्हणजे एका चौरस मीटरला २०० ग्रॅम फायबर. डबल बेडची ९० बाय १०० इंचाची दुलई साधारण ५.८ चौरस मीटर भरते, म्हणजे आतला माल झाला ११६० ग्रॅम. कापड धरून सगळी मिळून दोन-सव्वादोन किलो. मग माणूस म्हणतो, माझं मशीन तर सात किलोचं! अहो, ते सात किलो साड्या-शर्टांचे. दुलईला वजनापेक्षा जागा जास्त लागते. कोरडी दुलई ड्रममध्ये घाला आणि वरून हात सरकवून बघा. पंजा आरामात आत गेला तर धुवा. कोंबावी लागली तर मधे पाणीच पोचत नाही आणि पिळताना ड्रम एका बाजूला जड होऊन मशीन धडाधडा नाचतं. अशी दुलई मोठ्या ड्रमच्या लाँड्रीत न्या, यात कमीपणा काही नाही. (आणि जाता जाता, आपल्या हवेला १२० जीएसएम पुष्कळ झालं. एसी १८ वर ठेवायचा आणि वर ३०० जीएसएम ओढायचं, ही हौस मला कळलेली नाही.)

साबण नेहमीच्या निम्मा, पातळ, आणि एकदा जादा खळबळून घ्या. पावडर थरांत अडकते आणि वाळल्यावर दुलई कडक लागते. कम्फर्टरला फॅब्रिक कंडिशनर नको, फायबरवर त्याचा लेप बसतो.

पण खरं सांगू? दुलई वर्षाला एकदा, फार तर दोनदा धुवायची वस्तू आहे. तिला खोळ घाला आणि खोळ पंधरवड्याला धुवा. अंगाचा घाम, तेल, त्वचेचे कण सगळं खोळीवर राहतं. ज्यांच्या घरात दमा किंवा सकाळी उठल्या उठल्या शिंका आहेत त्यांनी तर नक्कीच. धुळीतले माइट, म्हणजे डोळ्यांना न दिसणारे बारीक किडे, ६० अंशांच्या पाण्यात मरतात. सुती खोळ ते पाणी सोसते, दुलईच्या शिवणीतल्या चिठ्ठीवर मात्र बहुधा ४०च लिहिलेलं असतं. बऱ्याच टॉप लोड मशीनमध्ये पाणी तापतच नाही, तेव्हा खोळ गरम पाण्यात भिजवून मगच मशीनला लावा. कडक उन्हातही माइट सुकून मरतात. पण त्रास त्यांच्या विष्ठेचा जास्त, आणि ती धुतल्याशिवाय जात नाही.

डाग पडला म्हणून अख्खी दुलई भिजवू नका. नातवाने अंथरुणात केली, समजा. तेवढ्या जागेचा फायबर चिमटीने बाजूला सारा, वरचं कापड उचलून त्याला रबरबँड लावा आणि तेवढाच गोंडा गार पाण्यात धुवा. ओल आत गेलीच असेल तर मात्र धुण्याला पर्याय नाही. रक्त असेल तरी पाणी गारच, गरम पाण्याने डाग पक्का बसतो. हळदीच्या डागाला साबण लागला की तो लाल होतो, घाबरू नका, उन्हात टाका, ऊन हळद खातं.

आता माझी फजिती. एका जुलैत सूनबाई माहेरी गेली होती आणि मला हुशारी सुचली. तिची नवी कोरी दुलई धुतली. दोन दिवस हॉलमध्ये दोन खुर्च्यांवर, वर पंखा पाचवर. हाताला कोरडी लागली, पलंगाच्या बॉक्समध्ये टाकली. गणपतीत पाहुणे आले म्हणून बॉक्स उघडला तर कुबट वासाचा भपकाराच आला. पांढऱ्या कापडावर काळी तिती, ती पण नेमकी शिवणीशिवणीने, कारण ओल तिथेच दडून बसलेली. सूनबाई काही बोलली नाही. तेच जास्त लागलं.

तेव्हापासून मी हातावर विश्वास ठेवत नाही. बॅगा तोलायचा आकड्याचा काटा मिळतो ना, विमानप्रवासाला नेतात तो, तो आणला. आता उलव्याला विमानतळ झालाय, घरोघरी असेलच. दुलई धुण्याआधी पिशवीत घालून तोलायची आणि आकडा लिहून ठेवायचा. आमची २ किलो ३०० ग्रॅम. मशीनमधून निघाली ती ३ किलो ४००. गच्चीवर दिवसभर ऊन खाऊन ४ वाजता २ किलो ५००. हाताला अगदी खडखडीत! तरी २०० ग्रॅम पाणी, म्हणजे पेलाभर, पोटात. दुसऱ्या दिवशी दुपारी काटा २ किलो ३०० वर आला तेव्हाच घडी घातली.

गच्चीवर टाकताना एका दोरीवर लोंबकळत ठेवू नका, पाणी खाली उतरतं आणि फायबरही ओघळतो. दोन दोऱ्यांवर झोळीसारखी टाका, तासातासाने उलटा, चौकडे बोटांनी मोकळे करा. वर जुनं सुती लुगडं पसरा, म्हणजे कबुतरं आणि रस्त्याची धूळ त्यावर जाईल आणि रंगही उडणार नाही. ४ वाजले की उचला. सूर्य कलला की हवेतली ओल सुती कापड परत पिऊन घेतं. लाँड्रीच्या ड्रायरमध्ये टाकणार असाल तर सोबत दोन टेनिस बॉल मोज्यात बांधून टाका, ते आपटून गोळे फोडतात. बॉल पोरांना विचारून घ्या, नाहीतर संध्याकाळची मॅच बुडेल.

ठेवताना जुन्या सुती चादरीत गुंडाळा. हवा काढायच्या प्लास्टिकच्या पिशवीत वर्षभर चेपून ठेवलेली दुलई पुन्हा पूर्वीसारखी फुगत नाही. पॉलिएस्टरला डांबराच्या गोळ्यांची गरज नाही, तो किड्यांचा खाऊच नव्हे.

(इथे श्रोत्यांतून एका आजींनी पिशवीतून रजई काढून पुढे धरली.)

द्या इकडे. आहाहा. ही पिंजलेल्या कापसाची, मंडळी. हात लावून बघा, जड आहे आणि मधे कापूस बसलाय. आजी, हिला पाणी लावू नका. भिजला की हा कापूस घट्ट गोळे धरतो, आणि मधला कापूस वाळेपर्यंत आंबतो. पूर्वी पिंजारी दारावरून जायचा, धनुकलीच्या तातीचा आवाज गल्लीच्या टोकावरून यायचा. आता गादीवाल्याकडे मशीन असतं. याच कडेची शिवण उसवा, ही बघा, इथे दोरा वेगळ्या रंगाचा आहे, म्हणजे आधीही एकदा उसवलेली आहे. कापूस पिंजून घ्या, कापड तेवढं धुवा आणि पुन्हा भरून घ्या. तोवर दोन दिवस ऊन दाखवा. गच्चीची किल्ली वॉचमनकडे असते, १० नंतर मागा, त्याआधी तो टाकीचं पाणी सोडत असतो.