गाणं तीन मिनिटांचंच का?

मंडळी, टेक्नॉलॉजी आली आणि गाणं घरोघर पोचलं, हे आपण नेहमीच ऐकतो आणि ते खरंही आहे. पण मला आज जरा वेगळं बोलायचंय. गाणं किती लांब असावं, कुठून सुरू व्हावं, कुठल्या आवाजात गावं, हे बऱ्याचदा मशीनने ठरवलंय.

७८ ची, म्हणजे मिनिटाला ७८ फेरे घेणारी जुनी ग्रामोफोनची तबकडी घ्या. दहा इंची तबकडीच्या एका बाजूला जेमतेम तीन मिनिटं मावायची. १९०२ मध्ये गायिका गौहर जान रेकॉर्डिंगला बसल्या तेव्हा जी ठुमरी मैफलीत हवी तेवढी रंगवता यायची ती तेवढ्यात बसवायची, आणि वर शेवटी इंग्रजीत आपलं नाव सांगायचं, कारण तबकड्या छापल्या जायच्या जर्मनीत हॅनोव्हरला, तिथल्या माणसाला कसं कळणार कोण गातंय! माइक नव्हताच. समोर मोठा कर्णा, त्यात तोंड घालून गायचं, वरचा स्वर आला की पटकन मागे सरायचं नाहीतर आवाज फाटायचा, आणि चुकलं तर मेणाची ती तबकडी बाद, पुन्हा पहिल्यापासून. एडिटिंग वगैरे काही नाही. मला या लोकांबद्दल फार आदर वाटतो.

मग १९२५ च्या सुमारास माइक आला आणि हळू आवाजात गाणाऱ्यांचे दिवस आले. अमेरिकन गायक बिंग क्रॉस्बी अगदी आपल्या कानाशी गातोय असं वाटतं ना, ते कर्ण्यात शक्यच नव्हतं.

१९४८ ला एलपी, म्हणजे लाँग प्ले तबकडी आली, एका बाजूला वीस मिनिटांच्या वर. १९५५ मध्ये सरोदवादक अली अकबर खाँ यांचं न्यूयॉर्कमध्ये रेकॉर्डिंग झालं तेव्हा एका बाजूला एक राग, दुसऱ्या बाजूला दुसरा, आलापाला श्वास घ्यायला जागा मिळाली. सिनेमाची आणि रेडिओवरची गाणी मात्र तीन-चार मिनिटांचीच राहिली, सवयच लागली होती सगळ्यांना.

कॅसेट, वॉकमन, सीडी, एमपीथ्री, यावर फार वेळ घेत नाही. फक्त एक सांगतो, १९७९ च्या पहिल्या वॉकमनला हेडफोनसाठी दोन जागा होत्या, दोघांनी मिळून ऐकावं म्हणून. पुढे ती सोय गेली आणि ऐकणं एकट्याचं झालं.

आता स्ट्रीमिंग. सर्व्हरवर पाच तासांचं गाणं ठेवा, कोण अडवतंय? पण स्पॉटिफायवर गाणं तीस सेकंद वाजलं की एक प्ले धरतात, आणि पैसे त्या प्लेंच्या हिशोबाने वाटतात; त्याआधी कुणी पुढे ढकललं तर काहीच नाही. मग काय, सुरुवातीचं म्युझिक कापा, मुखडा आधी आणा, आणि जे गाणं सावकाश उलगडतं ते करायलाच लोक घाबरतात. याचं मला खरंच वाईट वाटतं.

तबकडीची मर्यादा मेणाची होती, तिथे इलाज नव्हता. ही मर्यादा हिशोबाची आहे, माणसांनी ठरवलेली. अर्ध्या तासाच्या रागाचा एक प्ले आणि दोन मिनिटांच्या गाण्याचा एक प्ले सारखाच मोजायचा, हे मला अजिबात पटत नाही. कोण किती मिनिटं ऐकतंय हे या कंपन्यांना सेकंदासकट माहीत असतं, मग पैसेही ऐकलेल्या मिनिटांवर वाटा की!