तुटवड्याची गोडी : तोरिनोच्या चॉकलेटवाटेने

(दृश्य : सकाळ. पावसाने ओला झालेला दगडी रस्ता. ट्रामचे रूळ चमकतायत.)

मुंबईच्या काळ्या-पिवळ्या टॅक्सीत बसलेल्या प्रत्येकाने या शहराचं आद्याक्षर कधी ना कधी उच्चारलेलं आहे. फियाट. या नावातलं शेवटचं इंग्रजी अक्षर, 'टी', म्हणजे तोरिनो. १८९९ साली इथे सुरू झालेली ती मोटार कंपनी. आपल्याकडे शहराचं नाव इंग्रजीतून आलं, म्हणून आपण ट्युरिन म्हणतो. पण आज इथल्या माणसांबरोबर त्यांच्याच गल्ल्यांतून फिरायचंय, तेव्हा तोरिनोच म्हणू या.

इटलीचा वायव्य कोपरा, पिएमोंते प्रांत. हवा स्वच्छ असली की रस्त्याच्या टोकाला आल्प्सचा बर्फ दिसतो. आज दिसत नाहीये, पाऊस आहे. पण छत्री उघडायची वेळ फारशी येणार नाही. या शहरात अठरा किलोमीटर लांबीचे कमानींचे झाकलेले पदपथ आहेत. फोर्टात दादाभाई नौरोजी रस्त्यावर दुकानांपुढच्या कमानींखालून चालतो ना, तसंच, फक्त चौकामागून चौक संपतच नाही असं. पायी हिंडण्यासाठीच जणू हे शहर बांधलंय.

आपली वाट चॉकलेटच्या दुकानांची आहे. पाच-सहा थांबे, दोन-अडीच किलोमीटर. मात्र ही नुसती खादाडी नाही. या शहराला चॉकलेट परवडेनासं झालं, तेव्हा त्याने काय केलं, ती गोष्ट ऐकत आपल्याला चालायचंय.

(दृश्य : पियाझा देल्ला कोन्सोलाता. चर्चचं दार. समोर लहानसं लाकडी दर्शनी दुकान.)

पहिला थांबा, 'अल बिचेरिन'. १७६३ पासून हे दुकान याच चौकात आहे. आत आठ-दहा लहान संगमरवरी टेबलं, त्यांवर मेणबत्त्या. दोन माणसं उठली की तिसऱ्याला जागा होते, इतकंच.

समोर कोन्सोलाता मातेचं चर्च आहे, शहराचं अगदी जिव्हाळ्याचं. पूर्वी प्रसाद घ्यायचा तर रात्रीपासून उपाशी राहावं लागे. प्रार्थना संपली की बायका रस्ता ओलांडून इथे यायच्या आणि उपास सोडायच्या. लेंटच्या उपासांच्या दिवसांतही पातळ चॉकलेट चालतं, असं मानलं जाई. उपासाला काय चालतं आणि काय नाही, हा प्रश्न आपल्या घरांनाही काही नवा नाही! ज्या काळात कॉफीगृहं पुरुषांचीच असायची, त्या काळात बायका निःसंकोच येऊन बसत अशी ही जागा. पुढे विसावं शतक जवळजवळ सगळं हे दुकान चालवलंही बायकांनीच.

बिचेरिन म्हणजे इथल्या पिएमोंतेझ बोलीत छोटा पेला. पेयाचं नावही तेच. पूर्वी कॉफी, दूध आणि चॉकलेट वेगवेगळं मिळायचं. कुणी कॉफी-दूध घेई, कुणी कॉफी-चॉकलेट, आणि कुणी 'न पोक द तुत', म्हणजे सगळं थोडं थोडं. टिकलं ते हे तिसरं.

(दृश्य : पेल्याचा जवळून शॉट.)

जवळून पाहा. तळाला घट्ट, जवळजवळ काळं चॉकलेट. त्यावर कॉफी. वर दोन बोटं पांढरी, थंड साय. काचेतून तिन्ही थर सरळ दिसतात. चमचा पुढ्यात असला तरी ढवळायचं नाही. आमच्या वाटाड्या बाईंनी हे पहिल्या मिनिटात तीनदा बजावलं. का, ते पहिल्या घोटात कळतं. ओठाला गार साय लागते, तिच्याखालून कढत कॉफी येते, आणि कडवटपणा जिभेवर पसरेपर्यंत चॉकलेट मागून येऊन त्याला सावरतं. ढवळलं तर हे सगळं एकाच क्षणात उरकेल.

इटलीच्या एकीकरणाचा मुत्सद्दी, कावूर, इथे येई. राजघराणं समोर चर्चमध्ये असताना हा गृहस्थ बाहेर याच दुकानात वाट पाहत बसे, असं सांगतात. त्याचं टेबलही दाखवतात.

(दृश्य : विया गारिबाल्दी. सरळसोट, गाड्या नसलेला रस्ता.)

आता पूर्वेकडे, राजवाड्याच्या चौकाकडे.

कोको अमेरिकेतला. तो युरोपात आणला स्पॅनिश लोकांनी. तोरिनोत राज्य करणाऱ्या साव्होया घराण्यात १५८५ साली स्पेनच्या राजाची मुलगी सून म्हणून आली, आणि तिच्या माहेराबरोबर चॉकलेटही आलं असं मानतात. दोन शतकं ते प्यायचंच पेय होतं, दरबारचं आणि धनिकांचं.

मग नेपोलियन आला. त्याने पिएमोंते फ्रान्सला जोडून टाकलं आणि १८०६ साली इंग्लंडशी व्यापार बंद केला. समुद्रावर राज्य इंग्रजांचं. त्यामुळे समुद्रापलीकडून येणारं सगळंच अडलं. साखर महागली, कोको तर सोन्याच्या भावाने जाऊ लागला. चॉकलेट करणाऱ्यांचे हात रिकामे.

शहराच्या दक्षिणेला लांगे नावाच्या टेकड्या आहेत. तिथे हेझलनटची झाडं. गोल, लहान फळ, भाजलं की साल सहज सुटते. ऑगस्टमध्ये आपोआप जमिनीवर गळतं आणि तिथूनच वेचायचं. शेतकऱ्याच्या घरचा, कुणी विशेष न विचारणारा माल. तो भाजला, वाटला आणि थोड्याशा कोकोत मिसळला. कोको पुरवून पुरवून वापरायची ती युक्ती होती, असं इथे सांगतात. आपल्याकडे याला दुधाची तहान ताकावर भागवणं म्हणतात. फरक एवढाच की पुढे दूध परत मिळायला लागलं, तरी तोरिनो ताकच मागत राहिलं.

(दृश्य : गाल्लेरिया सुबाल्पिना. काचेचं छत. बाराट्टी ए मिलानोचे पितळी दिवे.)

काचेच्या छताची ही देखणी गल्ली १८७४ सालची. तिच्या तोंडाशी 'बाराट्टी ए मिलानो', मूळ दुकान १८५८ चं. आतलं लाकूड, आरसे, ब्राँझची उठावचित्रं बघत एखादा तास सहज जावा. आम्ही मात्र काउंटरवरच्या एका छोट्या ढिगापाशी थांबलो. सोनेरी कागदात गुंडाळलेलं, उलट्या नावेसारखं दिसणारं चॉकलेट. जांदुयोत्तो.

हा आकार असा का, याचं उत्तर आपल्या स्वयंपाकघरात आहे. दाण्याचं कूट करताना मिक्सर जरा जास्त फिरला की तेल सुटतं आणि भांड्याच्या तळाशी मऊ गोळा होतो. हेझलनटचं तेच होतं. ते तेल कोकोत मिसळलं की मिश्रण इतकं मऊ राहतं की साच्यात घालून नीट काढता येत नाही. म्हणून जांदुयोत्तो साच्यातला नाही. यंत्रातून लगदा पट्टीवर सोडतात आणि तो स्वतःच्या वजनाने बसतो. यंत्राआधी हे काम हाताचं होतं, आणि मोजके कारागीर अजूनही तसंच करतात. एका हातात लगदा घेतलेली पट्टी, दुसऱ्या हातात सुरीसारखं पातं. पात्याने लगदा कापायचा, फिरवायचा, ठेवायचा. त्या दोन झटक्यांतून नावेचा तो कणा उमटतो.

कागद उलगडा. साध्या चॉकलेटसारखा 'कट्' आवाज येणार नाही. दात नुसते आत जातात. आधी भाजल्याचा वास, मग गोडवा, आणि कोको अगदी शेवटी. चावायची घाई केलीत तर अर्धी गंमत गेली. टाळूला लावून ठेवा आणि बोलू नका.

(दृश्य : पालाझ्झो कारिन्यानो. लाल विटांची वळणदार भिंत.)

गल्लीतून पलीकडे निघालं की ही विटांची वळणदार इमारत लागते. १८६१ साली एकत्र झालेल्या इटलीची पहिली संसद इथे भरली. तोरिनो राजधानी झालं, आणि ती राजधानी चार वर्षंसुद्धा टिकली नाही. १८६४ च्या सप्टेंबरात बातमी फुटली की राजधानी फ्लोरेन्सला जाणार. लोक रस्त्यावर आले. राजवाड्याच्या चौकात आणि सान कार्लो चौकात गोळीबार झाला. पन्नासहून अधिक माणसं मेली. पुढच्या फेब्रुवारीत राजाने शहर सोडलं. दरबार, मंत्री, वकिलाती, आणि त्यांच्यावर पोट असलेले शिंपी, मिठाईवाले, गाडीवाले. सगळ्या शहराचा कणाच गेला.

त्याच १८६५ च्या कार्निव्हलमध्ये कॅफरेल कंपनीचं हे नवं चॉकलेट लोकांना वाटलं गेलं. वाटणारा कोण? जांदुया. तीन टोकांची टोपी घातलेला, हातात दारूची सुरई धरलेला कार्निव्हलचा गावरान गडी. जोआन द ला दोया, म्हणजे सुरईवाला जोआन. शहराचा लाडका, मोकळ्या मनाचा, कुणापुढे न वाकणारा. त्याच्यावरूनच चॉकलेटला जांदुयोत्तो नाव पडलं. राजा निघून गेला, त्या महिन्यांत शहराने आपल्या चॉकलेटला एका गावकऱ्याचं नाव दिलं. मला या सगळ्या वाटेवर याहून हृद्य काही सापडलं नाही.

इमारतीला वळसा घातला की समोर 'पेपिनो'. आइस्क्रीमवाले, १८८४ पासूनचे. १९३९ साली त्यांनी काडीवरच्या आइस्क्रीमला चॉकलेटचं कवच दिलं आणि त्याला पिंग्विनो म्हटलं. पाऊस असूनही रांग आहे. आम्हीही उभे राहिलो.

(दृश्य : विया लाग्रांज. दुकानांच्या काचा.)

हा रस्ता गणितज्ञ लाग्रांजच्या नावाचा. तो इथलाच, जन्म १७३६ चा. याच रस्त्यावर ग्विदो गोबिनोचं दुकान आहे. आजच्या काळातले जे कारागीर जांदुयोत्तो पुन्हा मनापासून करू लागले, त्यांतलं हे मोठं नाव. त्यांचा 'तुरिनो' एका घासाएवढा, जेमतेम पाच ग्रॅमचा. आकार लहान केला, पण हेझलनट इथलाच. पिएमोंतेच्या हेझलनटला १९९३ पासून भौगोलिक मानांकन आहे, आपल्या रत्नागिरी-देवगडच्या हापूसला आहे तसं.

जांदुयोत्तोलाही असं मानांकन हवं, म्हणून इथले कारागीर कित्येक वर्षं झटले. वाद अडला तो कृतीवर. कोको, साखर आणि हेझलनट, एवढंच असावं, असं कारागिरांचं म्हणणं. मोठ्या उत्पादकांना त्यात दुधाची पावडर हवी होती. मी या वादात सरळ कारागिरांच्या बाजूने आहे. तुटवड्यात ज्या तीन वस्तू उरल्या, त्यांतूनच हा पदार्थ झाला. चौथी घातली की चव बदलतेच, आणि त्याबरोबर गोष्टही बदलते.

तुटवडा पुन्हा एकदा आला, दुसऱ्या महायुद्धानंतर. इथून साठेक किलोमीटरवर आल्बा गावात पिएत्रो फेरेरो नावाच्या मिठाईवाल्याने १९४६ साली हीच जुनी युक्ती काढली. कोको थोडा, हेझलनट भरपूर, आणि त्याची वडी. सुरीने कापून पावावर ठेवायची. १९५१ मध्ये ती पसरवता येईल इतकी मऊ झाली, आणि १९६४ मध्ये बरणीत येऊन तिचं नाव न्यूटेला झालं. त्याच फेरेरोचा एक कारखाना आज आपल्या बारामतीत आहे. तिथे किंडर जॉय बनतं. शाळेबाहेर हट्ट धरून बसलेल्या कितीतरी मराठी मुलांचा या टेकड्यांशी असा लांबचा संबंध लागतो.

(दृश्य : पियाझा सान कार्लो. संध्याकाळ. मधोमध घोडेस्वाराचा पुतळा.)

शेवटचा थांबा. मधला घोडेस्वार म्हणजे एमान्वेले फिलिबेर्तो, ज्याने १५६३ साली राजधानी या शहरात आणली. पुतळ्यात तो तलवार म्यान करतोय. १८६४ मध्ये गोळ्या चालल्या त्या याही चौकात, त्याच्या डोळ्यांदेखत.

कमानींखाली 'स्त्रात्ता', १८३६ पासूनचं दुकान. बाहेर काचेत साखरेत मुरवलेले चेस्टनट, जांभळ्या फुलांच्या साखरगोळ्या, आणि जांदुयोत्तोंचा डोंगर. मी पाव किलो मागितले. काउंटरवरच्या बाईंनी तराजूत घालता घालता विचारलं, कुठे न्यायचेत? मुंबई म्हटल्यावर हात थांबला. तिथे आत्ता किती ऊन आहे? तीस-बत्तीस म्हटलं. त्यांनी मान हलवली, अर्धे परत काढून ठेवले, आणि उरलेल्यांची पुडी बांधून माझ्या हातात दिली.

हे इथेच खा, म्हणाल्या. बाकीचे न्यायला जानेवारीत या.