मालिकेत कारकून का नसतो?

पुढे या, पुढे खुर्च्या रिकाम्या आहेत. मागे पंखा आहे म्हणून बसलात, ठाऊक आहे मला.

पत्रिकेत विषय छापलाय, ‘मानवत मर्डर्स : मालिका आणि तपास’. २०२४च्या ऑक्टोबरात सोनी लिव्हवर आली ती, आठ भागांची. मानवतच्या खुनांचा तपास करणाऱ्या रमाकांत कुलकर्णी या पोलीस अधिकाऱ्याच्या आठवणींवर बेतलेली. त्यांच्या भूमिकेत आशुतोष गोवारीकर. तुम्ही पाहिलीच असेल, गोष्ट सांगत बसत नाही. पण त्याआधी दोन मिनिटं माझं दुखणं ऐका. मी पोलीस खात्यात मुद्देमाल कारकून होतो, जप्त केलेल्या वस्तू सांभाळणारा. घरी अशी मालिका लागली की बायको आधीच बजावते, “तुम्ही बोलायचं नाही.” आता पडद्यावरचा साहेब रक्ताळलेला सुरा रुमालात धरून खिशात घालतो आणि चालू लागतो. अहो, पंच कुठायत? ते कापडात गुंडाळायचं, सुतळी आवळायची, गाठीवर लाख ओतायची, गार व्हायच्या आत मोहोर उठवायची, पंचांच्या सह्यांचं लेबल लावायचं. अंगठ्यावरचा हा डाग लाखेचाच. पहिल्या रांगेला दिसेल. एका ठाण्यात उंदरांनी माझं एक गाठोडं कुरतडलं, तेव्हा कोर्टात मला काय काय ऐकावं लागलं... ते नंतर.

मानवतच्या आधीचं, कुलकर्णी ज्याने नावारूपाला आले ते रामन राघव प्रकरण घ्या. १९६८. मुंबईच्या उपनगरांत झोपड्यांतून, फूटपाथवर झोपलेल्यांची डोकी ठेचली जात होती. २७ ऑगस्टला ॲलेक्स फियाल्हो या सब-इन्स्पेक्टरने एका माणसाला रस्त्यात हटकलं. तोच रामन राघव. का? तर त्याने दप्तरातला फोटो पाहिला होता. तो माणूस पूर्वी पकडला गेला होता, बोटांचे ठसेही होते. म्हणजे कुणीतरी ते कागद जागच्या जागी लावून ठेवले होते! त्या कुणीतरीवर मालिका कधी येणार?

आणि झडतीत काय निघालं? चष्मा, दोन कंगवे, कात्री, उदबत्तीचं घर, साबण, चहाची पूड, आकडे लिहिलेले दोन कागद आणि लसूण. लसूण! कुठला पटकथाकार लसूण लिहील? पण पंचनाम्यात तो लिहावाच लागतो.

पुढे हा गडी तोंडच उघडेना. सगळे थकले. शेवटी विचारलं, बाबा, तुला हवंय तरी काय? म्हणाला, कोंबडी. आणली. पोटभर जेवला आणि मग बोलायला लागला. सगळे लेखक त्या कबुलीच्या मागे लागतात. मला मात्र इतकी वर्षं एकच प्रश्न छळतोय, ती कोंबडी सरकारी खर्चात कुठल्या सदराखाली टाकली असेल?

हसा, पण अध्यक्षांची चिठ्ठी आलीय. पाच मिनिटं.

तर मुद्दा. मालिकांना एक वेडा खुनी आणि एक हुशार तपासनीस लागतो, म्हणजे कुस्ती लावता येते. मानवतला ही कुस्ती लागतच नाही. परभणी जिल्ह्यातलं गाव, १९७२ ते ७४, बायका-मुलींचे खून. मागे गुप्तधन, अंधश्रद्धा, आणि हात एकाचे नव्हेत. ‘कोणी केलं’पेक्षा ‘कोणाकोणाला माहीत होतं’ हा प्रश्न मोठा. तिथे झटापट काय कामाची? माणसं बोलती करावी लागतात. गोवारीकर ओरडत नाहीत, हे मला त्यासाठीच आवडलं.

दुसरं, घाईत सांगतो. बेड्या पडल्या की मालिका आवरती घेतात. रामन राघवला १९६९ साली फाशी सुनावली. मनोरुग्ण ठरल्यामुळे १९८७ मध्ये तिची जन्मठेप झाली. १९९५ मध्ये तो ससूनमध्ये वारला. पकडल्यानंतर सत्तावीस वर्षं! फियाल्होंचं काम एका दिवसाचं. ती फाइल मात्र दर वेळी कुणीतरी फडताळातून काढून, धूळ झटकून, कोर्टात...

आणखी एक चिठ्ठी? बरं, थांबतो. उंदरांचं राहिलं. चहाला या, सांगतो.